सर्व मुद्दे खुले ठेवून

शहाण्यानं कोर्टाची पायरी चढू नये म्हणतात. मी ती वकील म्हणून रोज चढते, तेव्हा माझ्या शहाणपणाबद्दल काय ते तुम्हीच ठरवा. पण एवढ्या वर्षांत भर कोर्टात लोकांना इतकं मनापासून हसताना मी एकदाच पाहिलं, आणि ज्या बाईला ते हसले ती माझी अशील होती.

मालन कुराडे तिचं नाव. गडहिंग्लजच्या एसटी स्टँडवर तिनं उभा जन्म घोषणा केल्या. माझं माहेर स्टँडच्या मागच्याच गल्लीतलं, त्यामुळे आमच्या घराचं घड्याळ म्हणजे मालनमावशीचा आवाज. चंदगडची गाडी लागली की आई मला अंथरुणातून उठवायची. पुढं गाड्या विजेवर धावू लागल्या, घोषणा यंत्र करू लागलं आणि मावशी निवृत्त झाली. नवरा आधीच वारला होता, मुलगा सुयोग पुण्याला. ती डोंगराच्या बाजूच्या आपल्या घरात एकटी राहत होती आणि मजेत होती. मग एका सकाळी न्हाणीघरात तिला अर्धांगाचा झटका आला. शेजाऱ्यांनी दार तोडलं तेव्हा दुपार टळली होती. हातपाय हळूहळू परतले, वाचा मात्र परतली नाही.

काही वर्षांपूर्वी गोष्ट इथंच संपली असती. आता बोलपट्टी निघाली आहे. कवटीच्या आत, मेंदूच्या वरच्या बाजूला, कांद्याच्या पापुद्र्याएवढी पातळ पट्टी बसवतात. कानामागे एक बटण आणि गळ्यात काड्यापेटीएवढी डबी. डबी बोलते.

ती कशी बोलते हे मला फरहाना मुल्लानं समजावून सांगितलं. फरहाना कोल्हापूरची वाचातज्ज्ञ, मावशीला शिकवणारी.

"ताई, डबी मनातलं वाचत नाही," ती म्हणाली. "लोकांचा तोच गैरसमज असतो. बोलायच्या आधी मेंदू ओठांना, जिभेला, घशाला हुकूम सोडतो. मावशींचा मेंदू हुकूम सोडतोच, फक्त वाटेतली तार जळलीय. पट्टी ते हुकूम पकडते. पण धूसर पकडते. खरखर असलेल्या फोनवर आपण कसं अर्धं ऐकतो आणि अर्धं जुळवून घेतो, तसं. जे पकडता आलं नाही ते डबी अंदाजानं भरते. या शब्दापुढं माणसं बहुतेक काय बोलतात, ते."

"म्हणजे अर्धं बोलणं डबीचंच?"

"सुरुवातीला अर्ध्याहून जास्त. जसजसा सराव होतो तसा मेंदूही स्वच्छ हुकूम सोडायला शिकतो आणि डबीही ओळखायला शिकते. वर्ष-दीड वर्षानं अंदाजाचं काम थोडंच उरतं. पण तोवर दोघांचं मिळूनच बोलणं असतं."

आता हा अंदाज कशावरून करायचा? त्यासाठी डबीला त्या माणसाचं जुनं बोलणं ऐकवतात. बाकीच्यांच्या घरी लग्नाच्या, वाढदिवसांच्या ध्वनिफिती असतात. मावशीच्या घरी तसलं काही नव्हतं. जन्मभर माईकवर बोललेल्या बाईला घरी कुणी कशाला टेप करतंय? पण स्टँडवरच्या घोषणा मात्र वर्षानुवर्षांच्या साठवलेल्या होत्या. सुयोगनं धावपळ करून त्या सगळ्या मिळवल्या आणि डबीला पाजल्या. मावशीला तिचा तोच गोड आवाज परत मिळाला. हॉस्पिटलमधल्या नर्ससुद्धा रडल्या म्हणे.

तिथंच घोळ झाला. सुयोगनं आईला पुण्याला नेलं आणि तिचा कायदेशीर पालक म्हणून आपल्याला नेमावं असा अर्ज कोल्हापूरच्या जिल्हा कोर्टात केला. म्हणजे तिनं कुठं राहायचं, कुठला उपचार घ्यायचा, घराचं काय करायचं, हे सगळं तो ठरवणार. मावशीला हे बिलकुल मान्य नव्हतं. तिला गडहिंग्लजला आपल्या घरी राहायचं होतं. मी तिच्या बाजूनं उभी राहिले, आणि खालच्या कोर्टाच्या न्यायाधीशांनी फार मायेनं तिला विचारलं, "आजी, तुम्हाला कुठं राहायचंय?"

मावशीनं डोळे मिटले, कपाळाला आठ्या घातल्या, आणि डबी खणखणीत आवाजात बोलली, "गडहिंग्लज-नेसरी गाडी फलाट क्रमांक तीनवर लागत आहे. प्रवाशांनी कृपया गर्दी करू नये."

कोर्ट हसलं. शिपाई हसला, टंकलेखक हसला, समोरचे जोशीलकर वकील तर रुमाल तोंडाला लावून हसले. मावशीला 'गडहिंग्लजला' एवढंच म्हणायचं होतं. डबीनं 'गडहिंग्लज' पकडलं आणि त्यापुढं आयुष्यभर जे येत आलं तेच जोडून दिलं. मी हे सांगायला उठले, पण हसू थांबल्यावर सांगितलेलं कुणाच्या डोक्यात शिरत नाही. न्यायाधीशांनी अंतरिम आदेश दिला: यंत्राचं बोलणं हे या बाईंचं बोलणं मानता येत नाही, अर्जाचा शेवटचा निकाल लागेपर्यंत मुलगाच पालक. त्या आदेशाविरुद्ध मी हायकोर्टात अपील केलं.

अपिलाच्या पहिल्या तारखेलाच मला वाऱ्याची दिशा कळली. कोल्हापूरच्या खंडपीठात आता मराठीतही युक्तिवाद चालतो. न्यायमूर्तींनी माझं अर्धा तास शांतपणे ऐकून घेतलं आणि चष्मा काढला. न्यायमूर्तींनी चष्मा काढला की वकिलानं समजून जावं.

"कोरीबाई, तुमचा मुद्दा महत्त्वाचा आहे," ते म्हणाले. "पण माझ्यासमोर खालच्या कोर्टात नोंदलेली एकच साक्ष आहे, आणि तिच्यात फलाट क्रमांक आहे. अपिलात मी नवीन साक्ष घेत नाही. आज निकाल मागितलात तर देईन. पण तो फक्त तुमच्या अशिलापुरता राहणार नाही. बोलपट्टीवर बोलणाऱ्या या राज्यातल्या प्रत्येक माणसाला तो लागू होईल. अशिलाशी बोलून घ्या. पुढच्या आठवड्यात सांगा."

याचा अर्थ सरळ होता. अपील चालवलं तर हरणार, आणि हरल्यावर खाली शेवटच्या सुनावणीत हाच मुद्दा पुन्हा मांडायला तोंड राहणार नाही; वरच्यानं एकदा 'नाही' म्हटलं की खालचा 'हो' कसा म्हणेल? उलट अपील आत्ताच मागे घेतलं, आणि मागे घेताना 'सर्व मुद्दे खुले ठेवून' एवढे चार शब्द आदेशात लिहून घेतले, तर काहीच ठरलं नाही असं होतं. खाली शेवटच्या सुनावणीला मावशीची साक्ष नव्यानं घेता येते. तोवर वर्ष गेलेलं असेल आणि डबी तिची झालेली असेल. वकिलांना हा शहाणपणा वाटतो. अशिलाला ती माघारच वाटते, आणि त्यात त्याचं काही चुकत नाही.

मावशीला पुण्याहून माझ्या कोल्हापूरच्या ऑफिसात आणून सोडलं ते सुयोगनंच. असा प्रतिपक्ष मी दुसरा पाहिला नाही. आईला तिच्या वकिलाकडे स्वतः घेऊन यायचा, तिला हात धरून जिना चढवायचा आणि खाली गाडीत जाऊन बसायचा. वाईट माणूस असता तर माझं काम फार सोपं झालं असतं.

मी मावशीला सगळं समजावलं. फरहानानं एव्हाना घोषणांचा सगळा साठा डबीतून पुसून टाकला होता. त्याबरोबर तो गोड आवाजही गेला; आता डबी कुठल्याही बाईच्या साध्या आवाजात बोलायची. पुसायच्या आधी फरहानानं मावशीला तीनदा विचारलं होतं आणि मावशीनं तीनदा मानेनं हो म्हटलं होतं. त्यानंतर ती दोन दिवस जेवली नव्हती, हे मला सुयोगनं सांगितलं.

"वरीसभर," डबी म्हणाली. मग बराच वेळ काही नाही. "पुण्यात?"

"हो मावशी. निदान वर्षभर तरी."

"मी... काय... गुन्हा केला?"

मी पाण्याचा पेला पुढं केला, तिनं तो बाजूला सारला. तिच्या डोळ्यांत पाणी आलं होतं आणि त्याचा तिला रागही आला होता.

"गुन्हा नाही गं. पण आज भांडलीस तर कायमचं हरशील. तुझ्याबरोबर बाकीचेही हरतील, ज्यांना तू कधी बघितलंसुद्धा नाहीस. गप्प बस असं मी म्हणत नाही. नंतर बोल, एवढंच म्हणतेय."

"नंतर," डबी म्हणाली. "मी... मेलो तर?"

तिचा प्रश्न रास्त होता. असा झटका पुन्हा येऊ शकतो, हे आम्हा दोघींना ठाऊक होतं. मी काही खोटं बोलले नाही. म्हटलं, "तर आपण हरलो. ही जोखीम तुझी आहे मावशी, माझी नाही. म्हणून ठरवायचंही तूच. तू चालव म्हणालीस तर मी चालवेन, आणि जीव तोडून चालवेन."

ती खिडकीतून खाली गाडीकडे पाहत बसली. मग तिनं हातानं खूण केली: उद्या सांगते.

ती खाली गेल्यावर थोड्या वेळानं सुयोग वर आला. आईला गाडीत बसवलंय, दोन मिनिटं बोलू का, म्हणाला. प्रतिपक्षाशी त्याच्या वकिलाच्या पाठीमागे बोलू नये हा नियम मला माहीत आहे. मी त्याला तेच सांगितलं. तो म्हणाला, केसचं नाही बोलायचं, नीलाताई. आणि खुर्चीत बसला.

"तुम्हाला वाटत असेल मला तिचं घर पाहिजे. नको मला. ती किती तास त्या ओल्या फरशीवर पडून होती, माहिताय? हाक मारता येत नव्हती. मला रोज ते दिसतं."

"मला तसं कधीच वाटलं नाही," मी म्हटलं, आणि ते खरं होतं.

"परवा मी ऑफिसातून आलो. डबी म्हणाली, 'जेवलास का?' मी तिथंच भिंतीला टेकून रडलो, ताई. मग जेवायला बसलो आणि डोक्यात आलं की मराठी आई मुलाला बघून बहुतेक काय म्हणते? जेवलास का. मग हे आई म्हणाली की डबीनं अंदाज केला? आणि मला गडहिंग्लजला जायचंय, हे तरी ती म्हणते की डबी म्हणते? मी तिला तिथं एकटी सोडली, ती पुन्हा पडली, आणि ते तिनं मागितलंच नव्हतं असं निघालं तर?"

"मग तू विचारतोस का तिला? नीट?"

"विचारतो. तिला इतका वेळ लागतो की शेवटी वाक्य मीच पुरं करतो."

त्याचं त्यालाच कळलं असावं. तो उठला आणि निघून गेला.

दुसऱ्या दिवशी मावशीचा निरोप फरहानामार्फत आला. अपील मागे घ्यायचं. पण एक अट. न्यायमूर्तींना ते ती स्वतः सांगणार, आणि सांगताना डबीचा अंदाज पूर्ण बंद ठेवायचा. म्हणजे तिचा हुकूम स्वच्छ पकडला गेला तरच शब्द बाहेर येणार, नाहीतर नुसती शांतता.

फरहाना घाबरली होती. "ताई, अंदाज बंद ठेवून त्या दोन-तीन वाक्यं कशीबशी बोलतात आणि मग त्यांना घाम फुटतो. उलटतपासणी असती तर मी नाहीच म्हटलं असतं."

"उलटतपासणी नाही," मी म्हटलं. "दोन-तीन वाक्यांचंच काम आहे."

पुढं लोक म्हणाले की कोरीबाईंनी मोठा डाव टाकला. डाव असलाच तर तो मावशीचा. माझ्या मनात काही आलंच नव्हतं असं मात्र मी म्हणणार नाही. इतकी वर्षं काळा कोट घातलाय, समोरच्याच्या हातून कुठं काय निसटू शकतं ते दिसतंच.

त्या दिवशी आमची केस जेवणाच्या सुट्टीआधी पुकारली गेली. मी उठून सांगितलं की अपील मागे घ्यायचं आहे, सर्व मुद्दे खुले ठेवून. जोशीलकरांचा चेहरा फुलला. सुंठेवाचून खोकला गेल्यासारखं झालं त्यांना. हरकत नाही, ते म्हणाले, अजिबात हरकत नाही.

"अपीलदार स्वतः सांगू इच्छितात," मी म्हटलं. फरहानानं जोशीलकरांनी आणलेल्या तज्ज्ञाच्याच देखत डबीचा अंदाज बंद केला, आणि तसं दोघांनीही न्यायमूर्तींना सांगितलं.

मावशी उभी राहिली. सुयोग तिच्या मागच्या बाकावर होता. न्यायमूर्तींनी विचारलं, "बाई, अपील मागे घेतलं की खालच्या कोर्टाचा निकाल लागेपर्यंत तुम्हाला मुलाकडेच राहावं लागेल. हे तुम्हाला समजलंय?"

मावशीनं डोळे मिटले. काहीच आलं नाही. पंखे फिरत होते. मागे कुणीतरी खोकलं. जोशीलकरांनी घड्याळ पाहिलं. सुयोग अर्धवट उठला, त्याचे ओठ हलले, तो तिच्या वतीनं बोलणार असं मला वाटलं. मी नजर वळवली, बघत राहिले असते तर चिडले असते. मग डबीतून एक शब्द आला, मग बऱ्याच वेळानं दुसरा. मी ते सलग लिहिते, पण तिथं ते सलग नव्हते. मधल्या शांततेत न्यायमूर्ती एकदाही कागदाकडे वळले नाहीत.

"समजलंय. सुयोगच्या घरचा चहा... लई पाणचट. वरीसभर... पिईन. मग माझं... नीट ऐका."

या खेपेला कुणी हसलं नाही. न्यायमूर्तींच्या तोंडाचा एक कोपरा तेवढा हलला. मावशीच्या कपाळावरून घाम निथळत होता, फरहानानं तिला खाली बसवलं.

न्यायमूर्ती जोशीलकरांकडे वळले. "तुमची हरकत नाही म्हणालात. म्हणजे हे निवेदन अपीलदारांचं स्वतःचं आहे, हे तुम्हाला मान्य आहे?"

जोशीलकर हुशार वकील आहेत. त्यांना एका क्षणात कळलं की आपण कुठं उभे आहोत. मान्य म्हटलं, तर डबीतून आलेलं बोलणं मालन कुराडेचं स्वतःचं, हे हायकोर्टाच्या आदेशात लिहिलं जाणार, आणि ते घेऊन मी खालच्या कोर्टात जाणार. अमान्य म्हटलं, तर अपील मागे घेतलंच गेलं नाही असं होणार. अपील चालणार आणि जोशीलकर जिंकणार. पक्षकाराच्या सोयीचं उत्तर 'अमान्य' हेच होतं. त्यांनी गळा साफ केला.

"साहेब, माझ्या अशिलाचं पहिल्यापासूनचं म्हणणं असं आहे की यंत्राचं बोलणं..."

"थांबा," मागून सुयोग म्हणाला.

कोर्टात पक्षकारानं मधे बोलू नये. शिपाई त्याच्याकडे निघाला. न्यायमूर्तींनी हात वर करून शिपायाला थांबवलं.

"साहेब, माझ्या चहाला आजवर तिनं कधी नावं ठेवली नाहीत," सुयोग म्हणाला. त्याचा आवाज फाटला होता. "डबीला कुठून कळणार? असलं वाक्य कुठलं मशीन जुळवेल? ते आईच बोलतीय. माझी हरकत नाही, आणि तसं लिहा."

जोशीलकर वळून त्याच्याशी कुजबुजले. सुयोगनं नकारार्थी मान हलवली. जोशीलकर खाली बसले.

न्यायमूर्तींनी आदेश सांगायला सुरुवात केली आणि टंकलेखकाची बोटं चालू लागली. अपीलदारांनी स्वतः, खुल्या न्यायालयात, वाचायंत्राच्या साहाय्यानं, अंदाज बंद असताना निवेदन केलं. ते निवेदन त्यांचंच आहे हे प्रतिवादींना मान्य आहे. अपील मागे घेतल्यामुळे निकाली. सर्व मुद्दे खुले.

कागदावर बघाल तर आम्ही अपील मागे घेतलं आणि मालनमावशी त्याच संध्याकाळी मुलाबरोबर पुण्याला गेली. शेवटची सुनावणी अजून व्हायची आहे. मी रोज सकाळी उठले की आधी फोन बघते, पुण्याहून काही वाईट तर आलं नाही ना म्हणून. माझ्या आईच्या आजारपणातही मी इतकी घाबरत नव्हते.

त्या दिवशी कोर्टाच्या व्हरांड्यात सुयोग मावशीसमोर उकिडवा बसला होता. फरहाना डबीचा अंदाज पुन्हा सुरू करायला पुढं झाली, तशी मावशीनं गळ्यातल्या डबीवर हात ठेवला आणि मानेनं नको म्हटलं.

"आई," सुयोग म्हणाला, "खरंच इतका पाणचट असतो?"

मावशीनं डोळे मिटले. वकील, पक्षकार, फायली घेतलेले कारकून आमच्या बाजूनं जात होते. सुयोगला घाई करायची सवय होती, त्याचे ओठ हललेही, पण त्यानं ते मिटून घेतले. तो तसाच बसून राहिला, तिचे दोन्ही हात धरून, तिचं उत्तर यायची वाट बघत.